फ्लेक्सवर न दिसणारे कॅमेरामन : छायालेखकाची कारकीर्द अभ्यासायची कशी?



पेटची तयारी करणाऱ्या किंवा पेट पास होऊन प्रस्ताव लिहायला बसलेल्या बऱ्याच जणांचं म्हणणं एकच असतं, "विषय आहे, पण प्रश्न सापडत नाही." म्हणून आज एक विषय घेऊन त्यातून प्रश्न कसा काढायचा ते करून बघू. विषय माझ्या शाखेबाहेरचा आहे. मी भौतिकशास्त्रवाली, दिवसभर प्रयोगशाळेत काचेवर पातळ थर चढवत बसणारी. आणि विषय आहे स्वतंत्र चित्रपटांच्या छायालेखकाची कारकीर्द. तो माझ्यापर्यंत कसा आला ते आधी सांगते, कारण त्यात मी एक चूक केली आणि ती चूक प्रस्ताव लिहिताना आपण जवळजवळ सगळेच करतो.

हळदीचा व्हिडिओ आणि माझं घाईचं उत्तर

आमचं घर शहापुरात आणि मामाचं गाव मुरबाड तालुक्यात, सरळगावच्या बाजूला. माझा मामेभाऊ बी.कॉम. झालाय आणि लग्नाच्या शूटिंगची कामं घेतो. आपल्याकडच्या हळदी तुम्हाला माहीतच आहेत. मांडव, बेंजो, डीजे आणि रात्री दोनपर्यंत नाच. मागच्या लग्नसराईत तो लॅपटॉप घेऊन आला. "ताई, बघ ना, सगळ्या व्हिडिओत आडवे पट्टे आलेत. पार्टी पैसे द्यायला तयार नाही."

हे मात्र माझ्या विषयातलं होतं. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून मांडवातले स्वस्त दिवे सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतात. डोळ्याला ते कळत नाही. कॅमेऱ्याचा सेन्सर मात्र चित्र एकदम न टिपता वरून खाली ओळीओळीने वाचतो. शटरचा वेग या चढउताराशी जुळला नाही, तर काही ओळींना जास्त प्रकाश मिळतो, काहींना कमी, आणि पट्टे दिसतात. शटर १/५० किंवा १/१०० सेकंदावर ठेवलं की प्रत्येक ओळीला पूर्ण चढउतार मिळतात आणि पट्टे बहुतेक वेळा जातात. पुढच्या हळदीत त्याने तसं केलं आणि पट्टे गेले.

झालं, ताईला सगळं येतं असा त्याचा समज झाला. आठवड्याने त्याने खरा प्रश्न विचारला. "ताई, मी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची परीक्षा देऊ का? मला सिनेमा शूट करायचाय. फँड्रीसारखा. होईल का माझं?"

मामाचा याला विरोध. कॅमेऱ्याचे हप्ते चालू आहेत, लग्नसराईच्या चार-पाच महिन्यांत जे मिळतं त्यावर घरातलं बरंच काही चालतं, आणि पावसाळ्यात भातशेतीला माणूस लागतो. म्हणजे प्रश्न एका घराच्या पोटाचा होता.

मी काय केलं? लगेच उदाहरणं द्यायला लागले. अविनाश अरुण बघ, सुधाकर रेड्डी बघ, गोविंद निहलानी बघ. सगळी नावं खरी, सगळी कामं खरी. तो खूश होऊन गेला. रात्री झोपताना माझ्या लक्षात आलं, की हेच जर माझ्या विद्यार्थ्याने प्रयोगाच्या वहीत लिहिलं असतं, तर मी लाल पेनाने काट मारली असती.

नाक्यावरचा फ्लेक्स

शहापूरच्या किंवा मुरबाडच्या नाक्यावर पीएसआय झालेल्या मुलाचा फ्लेक्स लागतो. हार्दिक अभिनंदन, खाली पन्नास शुभेच्छुकांचे फोटो. पाच वर्षं अभ्यास करून गावी परत आलेल्या मुलाचा फ्लेक्स कुणी लावत नाही. आता कुणी फक्त फ्लेक्स मोजून म्हणालं, की पीएसआय होणाऱ्या सगळ्यांनी पहाटे चारला उठून अभ्यास केला, म्हणून पहाटे उठलं की पीएसआय होता येतं, तर आपण हसू. कारण परत आलेलाही पहाटे चारलाच उठत होता.

मी भावाला फ्लेक्सच वाचून दाखवले होते. यशस्वी झालेल्यांनाच बघून यशाची कारणं शोधायची, या चुकीला संशोधनात 'टिकून राहिलेल्यांचा पूर्वग्रह' म्हणतात, इंग्रजीत सर्व्हायव्हरशिप बायस. हा फक्त समाजशास्त्रातला प्रकार नाही. फक्त 'चांगले आलेले' नमुने मोजले की माझ्या थरांच्या बाबतीतही अगदी हेच होतं.

मग ही नावं फेकून द्यायची का? अजिबात नाही. उदाहरणातून पुरावा मिळत नाही, पण प्रश्न मिळतात. म्हणून तीच नावं पुन्हा घेऊ, या वेळी नीट.

आधी शब्द पक्के करू

छायालेखक म्हणजे चित्रपटातला प्रकाश, चौकट, लेन्स आणि कॅमेऱ्याची हालचाल यांची जबाबदारी घेणारा माणूस. कॅमेरा प्रत्यक्ष तोच धरतो असं नाही. त्याच्या हाताखाली कॅमेरा ऑपरेटर असतो, पात्र पुढेमागे झालं की चित्र धूसर होऊ नये म्हणून फोकस सांभाळणारा फोकस पुलर असतो, सहायक असतात. दिव्यांच्या बाजूला गॅफर आणि लाइटमन असतात. श्रेयनामावलीत यालाच कुठे छायालेखन, कुठे छायांकन, कुठे छायाचित्रण, तर कुठे डीओपी असं लिहिलेलं दिसतं. तुम्ही माहिती गोळा करताना एकच शब्द शोधलात, तर निम्मी माहिती हातातून गेली.

आणि 'स्वतंत्र' म्हणजे काय? हा शब्द दिसतो सोपा. श्याम बेनेगल यांच्या 'मंथन'चा (१९७६) पैसा गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन उभा केला. चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'चे (२०१४) निर्माते विवेक गोम्बर, जे त्यात वकिलाच्या भूमिकेतही आहेत. नागराज मंजुळे यांच्या 'सैराट'च्या (२०१६) मागे झीसारखं मोठं नाव होतं. यातला स्वतंत्र कोणता? पैसा कुठून आला यावर ठरवायचं, विषयावर, की निर्णय कुणाच्या हातात होते यावर? उत्तर तुम्ही कोणतंही निवडा, पण प्रस्तावाच्या पहिल्या पानावर लिहा आणि शेवटपर्यंत बदलू नका. याला कार्यकारी व्याख्या म्हणतात. मी या लेखापुरती व्याख्या अशी धरते : मोठ्या स्टुडिओच्या पैशाशिवाय उभा राहिलेला चित्रपट. या व्याख्येने 'सैराट' बाहेर जातो. जाऊ दे. व्याख्येने काहीच बाहेर जात नसेल तर ती व्याख्या कामाची नाही.

चार माणसं, चार वाटा

पहिले गोविंद निहलानी. जन्म १९४० सालचा, कराचीचा. बंगळूरच्या जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये छायालेखन शिकले, मग व्ही. के. मूर्ती यांचे सहायक झाले. हे मूर्ती म्हणजे गुरुदत्त यांच्या 'कागज़ के फूल'चे छायालेखक, ज्यांना पुढे दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. १९७१ मध्ये सत्यदेव दुबे यांनी 'शांतता! कोर्ट चालू आहे' हा चित्रपट केला, त्याचं छायालेखन निहलानींचं. मग बेनेगल यांच्याबरोबर 'अंकुर' (१९७४), 'निशांत' (१९७५), 'मंथन' (१९७६), 'भूमिका' (१९७७) आणि 'जुनून' (१९७८). 'जुनून'साठी राष्ट्रीय पुरस्कार. १९८० मध्ये 'आक्रोश'पासून स्वतः दिग्दर्शक.

दुसरे अशोक मेहता. यांनी चित्रपटाचं शिक्षण कुठल्याही संस्थेत घेतलेलं नाही. मुंबईत येऊन स्टुडिओत पडेल ते काम करत, कॅमेऱ्याच्या आसपास राहत वर चढले. अपर्णा सेन यांच्या '३६ चौरंगी लेन'साठी (१९८१) त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बेनेगल यांचा 'मंडी' (१९८३) त्यांनीच चित्रित केला, आणि पुढे शेखर कपूर यांचा 'बँडिट क्वीन'ही.

तिसरे सुधाकर रेड्डी यक्कंटी. मातृभाषा तेलुगू, शिक्षण पुण्याच्या एफटीआयआयमध्ये, आणि नाव झालं मराठीत. उमेश कुलकर्णी यांचा 'देऊळ' (२०११) आणि मंजुळेंचा 'सैराट' यांचं छायालेखन त्यांचं. मग २०१८ मध्ये 'नाळ' स्वतः दिग्दर्शित केला, त्याला पदार्पणातल्या दिग्दर्शकासाठीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

चौथे अविनाश अरुण. तेही एफटीआयआयचे. 'किल्ला' दिग्दर्शित केला आणि चित्रितही केला. २०१४ मध्ये बर्लिन महोत्सवात मुलांच्या परीक्षक मंडळाने त्याला क्रिस्टल बेअर दिलं. पुढे कोकणात घडणारा 'थ्री ऑफ अस' पुन्हा स्वतःच दिग्दर्शित आणि चित्रित केला, त्याच्या छायालेखनासाठी फिल्मफेअर मिळालं.

वाचून मन भरून येतं ना? माझंही आलं होतं. आता इथे थांबून संशोधकाच्या नजरेने बघू.

माहिती फसवते कशी?

अविनाश अरुण यांची एक गंमत बघा. 'किल्ला' प्रदर्शित झाला २६ जून २०१५ ला. 'मसान', ज्याचं छायालेखन त्यांचं आहे, आला २४ जुलैला. आणि अजय देवगणचा 'दृश्यम', तेही छायालेखन त्यांचंच, ३१ जुलैला. पाच आठवड्यांत तीन चित्रपट. एखाद्याने प्रदर्शनाच्या तारखा घेऊन आलेख काढला, तर २०१५ मध्ये एकदम उंच सुळका दिसेल आणि निष्कर्ष निघेल, 'एका वर्षात नशीब फळफळलं.' पण 'किल्ला' फेब्रुवारी २०१४ मध्येच बर्लिनला दाखवला गेला होता. म्हणजे काम त्याहून आधीचं. प्रदर्शनाची तारीख ही कामाची तारीख नसते. स्वतंत्र चित्रपटात तर दोन्हींमध्ये मोठं अंतर पडू शकतं, आणि त्या मधल्या काळात माणूस काय खातो हाच तर आपला प्रश्न आहे.

दुसरा फसवा भाग म्हणजे नाव. 'अविनाश अरुण' आणि 'अविनाश अरुण धावरे' ही एकच व्यक्ती. 'सुधाकर रेड्डी यक्कंटी' कुठे 'सुधाकर यक्कंटी रेड्डी' असं येतं. संगणकाला ही दोन-दोन माणसं वाटतात. एका माणसाचे चार चित्रपट दोन नावांत विभागले गेले, की यादीत दोन कमी काम मिळालेले लोक तयार होतात. माहिती साफ करण्याचं काम कंटाळवाणं असतं, पण निष्कर्ष तिथेच बिघडतात.

तिसरा मुद्दा जोडीचा. निहलानी आणि बेनेगल यांची जोडी बघून वाटतं, की एका चांगल्या दिग्दर्शकाचा विश्वास मिळवला की काम झालं. पण त्याच यादीत उलटही दिसतं. ताम्हाणे यांचा 'कोर्ट' मृणाल देसाई यांनी चित्रित केला, पुढचा 'द डिसायपल' (२०२०) पोलंडच्या मिखाल सोबोचिन्स्की यांनी. मंजुळेंच्या 'फँड्री'चे छायालेखक विक्रम अमलाडी, 'सैराट'चे सुधाकर रेड्डी. यात कुणाचं काही चुकलं असं नाही. प्रत्येक चित्रपटाची गरज वेगळी असते. पण 'पहिला चित्रपट गाजला की दुसरा त्याच दिग्दर्शकाकडून मिळतो' हे गृहीतक तपासल्याशिवाय मांडता येणार नाही, एवढं कळलं.

आणि चौथा मुद्दा. मूर्ती आणि निहलानी दोघेही त्याच बंगळूरच्या पॉलिटेक्निकचे. एफटीआयआयच्या माणसांचीही अशी साखळी दिसते. लगेच लिहावंसं वाटतं, 'संस्थेच्या ओळखीमुळे काम मिळतं.' थांबा. त्याच संस्थेतून शिकून काम न मिळालेले किती, हे कळल्याशिवाय ते वाक्य लिहिता येत नाही. आणि संस्था नसतानाही अशोक मेहता आपल्यासमोर उभे आहेतच.

आधीच्या लोकांनी काय शोधलंय?

प्रश्न आपल्यालाच पहिल्यांदा पडला असं समजू नका. रॉबर्ट फॉकनर आणि अँडी अँडरसन या दोन समाजशास्त्रज्ञांनी १९८७ मध्ये एक लेख लिहिला. १९६५ ते १९८० या काळातल्या हॉलीवूडच्या चित्रपटांच्या श्रेयनामावल्या घेऊन कोणाच्या नावावर किती चित्रपट आहेत ते त्यांनी मोजलं. दिसलं असं, की बहुतेकांच्या नावावर एकच चित्रपट, आणि थोड्याच लोकांच्या नावावर बरेच. शिवाय भरपूर काम केलेले लोक भरपूर काम केलेल्यांबरोबरच जोडले जातात. तिथे पगारी नोकरी नसते. दर वेळी नवा चित्रपट, नवी टोळी, आणि मागच्या कामाचं नाव हेच पुढच्या कामाचं ओळखपत्र.

याला जवळची कल्पना रॉबर्ट मर्टन यांनी १९६८ मध्ये शास्त्रज्ञांबद्दल मांडली होती, 'मॅथ्यू परिणाम'. ज्याचं नाव आहे त्याला आणखी श्रेय मिळतं. आणि मार्क ग्रॅनोव्हेटर यांनी १९७३ मध्ये दाखवलं, की कामाची बातमी बऱ्याचदा जिवलग मित्राकडून न येता जेमतेम ओळखीच्या माणसाकडून येते. कारण जिवलग मित्राला आपल्याला माहीत असतं तेवढंच माहीत असतं. दूरच्या ओळखीचा माणूस दुसऱ्या वर्तुळातला असतो.

आता हे आपल्या भागाला लावून बघा. माझ्या भावाच्या ओळखी कुठवर? मुरबाड, सरळगाव, किन्हवली, शहापूर. सगळे लग्नाचंच शूटिंग करणारे. माणसं जिवाला जीव देणारी, पण चित्रपटाच्या कामाची बातमी त्यांच्यापैकी कुणाकडेच येत नाही. आसनगावहून लोकल पकडली की दोन-अडीच तासांत मुंबईच्या स्टुडिओपर्यंत पोचता येतं, मुरबाडहून आधी एसटीने कल्याण गाठलं की तीच गोष्ट. अंतर किलोमीटरचं नाही, ओळखीच्या वर्तुळाचं आहे. हे माझं गृहीतक झालं. खरं की खोटं ते अजून तपासायचंय.

सोडून गेलेले कसे मोजायचे?

आता मुख्य अडचण. श्रेयनामावलीत फक्त काम मिळालेले दिसतात. सोडून गेलेले दिसत नाहीत. मग त्यांना शोधायचं कसं?

एक उपाय असा, की यादी शेवटाकडून न करता सुरुवातीकडून करायची. 'आज छायालेखक कोण आहेत?' असं न विचारता 'अमुक वर्षी कॅमेरा हातात कुणी घेतला?' असं विचारायचं, आणि त्या प्रत्येकाचं पुढे काय झालं ते बघायचं. आपल्या दोन तालुक्यांत हे करता येण्यासारखं आहे. शहापूर, वासिंद, खर्डी, किन्हवली, मुरबाड, धसई, टोकावडे इथल्या फोटो स्टुडिओंपासून सुरुवात करा. प्रत्येकाला विचारा, "तुमच्याबरोबर सुरू केलेले आणि आता हे काम न करणारे कोण?" एकातून दुसरं नाव निघत जातं.

यात एक गोष्ट फार लोक चुकवतात. समजा, तुम्हाला २० जण सापडले (आकडे काल्पनिक आहेत, हिशेब समजण्यासाठी). त्यातल्या ८ जणांनी पाच वर्षांच्या आत काम सोडलं. ७ जण पाच वर्षांनंतरही टिकून आहेत. उरलेल्या ५ जणांनी दोनच वर्षांपूर्वी सुरुवात केली आणि अजून काम करतायत. मग पाच वर्षं टिकण्याचं प्रमाण किती?

कुणी म्हणेल, २० पैकी १२ टिकलेत, म्हणजे ६० टक्के. पण त्या ५ जणांची पाच वर्षं झालीच नाहीत. दुसरा म्हणेल, त्यांना काढून टाका, १५ पैकी ७, म्हणजे सुमारे ४७ टक्के. पण मग ते दोन वर्षं टिकले ही खरी माहिती आपण फेकून दिली. योग्य पद्धतीत त्यांना पहिली दोन वर्षं हिशेबात धरतात आणि पुढे सन्मानाने बाजूला ठेवतात. सोडणाऱ्या आठही जणांनी पहिल्या दोन वर्षांतच सोडलं असेल तर उत्तर ६० येतं. सगळ्यांनी दोन वर्षांनंतर सोडलं असेल तर ४७. खरं उत्तर मधे कुठे तरी, आणि ते 'कधी सोडलं' यावर ठरतं. कॅप्लान आणि मायर यांनी १९५८ मध्ये मांडलेली ही पद्धत औषधांच्या चाचण्यांत रोज वापरतात. ज्यांची गोष्ट अजून संपलेली नाही, त्या माहितीला 'सेन्सर्ड' म्हणतात.

हा शब्द पहिल्यांदा नीट समजला, तेव्हा मला एकदम हलकं वाटलं होतं. माझा भाऊ यशस्वी आहे की अयशस्वी? दोन्ही नाही, त्याची नोंद अजून उघडी आहे. पीएच.डी.च्या चौथ्या वर्षात असलेली मीसुद्धा तशीच उघडी नोंद आहे. घरातले आणि शेजारचे मात्र दर दिवाळीला खातं बंद करून बेरीज मागतात.

अजून एक गट आहे. ज्यांनी कॅमेरा हातात घेतलाच नाही, ते कुठल्याच यादीत येत नाहीत. इतक्या हळदी बघितल्या, पण कॅमेरा धरलेली मुलगी माझ्या पाहण्यात एकदाही आली नाही. हे फक्त आपल्याकडचं नाही. तमिळमध्ये बी. आर. विजयालक्ष्मी १९८५ पासून छायालेखन करत होत्या, तरी छायालेखनाच्या ऑस्करसाठी एखाद्या बाईला नामांकन मिळायला २०१८ साल उजाडावं लागलं. त्या रेचल मॉरिसन, 'मडबाउंड'साठी. तुमच्या यादीत कोण येऊच शकत नव्हतं, हे प्रस्तावात एका परिच्छेदात तरी लिहा.

विचारायचं कसं?

सोडून गेलेल्या माणसाला "का सोडलंस?" असं विचारू नका. एक तर ते लागतं. दुसरं म्हणजे उत्तर तयार असतं, "जमलं नाही" किंवा "घरचे नको म्हणाले." त्याऐवजी घडलेलं विचारा. शेवटचं काम कोणतं होतं? त्याचे पैसे कधी मिळाले? त्यानंतरच्या पावसाळ्यात काय केलं? कॅमेरा विकला का, कुणाला? माणूस कारण विसरतो किंवा बदलतो, पण कॅमेरा कुणाला विकला ते विसरत नाही. आणि नाव छापणार नाही असं सांगितलं असेल तर छापू नका, गावाच्या वर्णनावरून ओळखू येईल असंही लिहू नका. मुरबाडसारख्या ठिकाणी 'धसईचा एक कॅमेरामन' एवढं लिहिलं तरी लोक ओळखतात.

भावाला काय सांगितलं?

पुढच्या रविवारी मी गावी गेले आणि सरळ कबूल केलं. "मागच्या वेळी जे सांगितलं ते अर्धं होतं. तुझं होईल का, हे मला सांगता येणार नाही. कुणालाच येणार नाही. पण काय विचारायचं ते मी सांगू शकते."

मग आम्ही कागद घेऊन बसलो. 'होईल का' हा प्रश्न खोडला. त्याच्या जागी तीन प्रश्न लिहिले. परीक्षेच्या तयारीत आणि निवड झाली तर तीन वर्षांच्या अभ्यासक्रमात कॅमेऱ्याचे हप्ते कोण आणि कशातून भरणार? शिक्षण संपल्यावर पहिला चित्रपट मिळेपर्यंत लोक कशावर जगतात : जाहिराती, मालिका, माहितीपट, की पुन्हा लग्नं? (निहलानी आणि बेनेगल हे दोघेही जाहिरातपटांतून आलेले, आणि 'मसान'चा छायालेखकच 'दृश्यम'चाही होता, हे आठवा.) आणि तिसरा, लग्नाच्या वर्तुळाबाहेरचा एक तरी माणूस आज मला ओळखतो का?

मामा पडवीत बसून ऐकत होता. पहिल्या प्रश्नावर म्हणाला, "हे बरोबर विचारलंस." बाकी काही बोलला नाही.

पंधरा दिवसांनी भावाचा फोन आला. परीक्षेबद्दल अजून ठरलं नव्हतं. पण त्याने वहीत अकरा नावं लिहिली होती, त्याच्या आसपास कॅमेरा घेतलेल्यांची. "ताई, यातल्या चौघांनी सोडलंय. एक जण पूर्वी मुंबईत मालिकेच्या सेटवर लाइटला होता, मला माहीतच नव्हतं. आता गावी टेम्पो चालवतो. उद्या त्याच्याकडे जातोय."

त्याला पहिलं दूरच्या ओळखीचं माणूस सोडून गेलेल्यांच्या यादीत सापडलं. मी ज्या यादीकडे बघितलंही नव्हतं त्या यादीत.

आता तुम्ही तुमच्या प्रस्तावाचा मसुदा काढा आणि एकच गोष्ट तपासा. तुमच्या नमुन्यात फ्लेक्सवरचेच लोक आहेत का? विषय भाताच्या नव्या वाणाचा असो, बचत गटाचा असो की शाळेच्या निकालाचा. पेरलं पण टिकलं नाही, गट काढला पण मोडला, दाखला घेतला पण नंतर आलाच नाही, अशांची वही आधी करा. प्रश्न बहुतेक तिथेच सापडेल.

भेटू पुढच्या लेखात.